वहीबाची पाणपोई

दमिएत्ता, २० नोव्हेंबर १९९४

सुहैर पोरीस,

दोन्ही गालांवर मामाचे सलाम. कैरोहून पोचलो एकदाचा. पाच तासांत गुडघे असे धरले की कंडक्टरनं मला सामानासारखं उचलून खाली ठेवलं. रावयाचं घर तळमजल्यावर आहे, म्हणजे जिने सुटले. मात्र मागच्या अंगणात जावयाचा सुतारकारखाना आहे. लुत्फी दिवसभर खुर्च्यांना सिंहाचे पाय कोरतो आणि वर सोनेरी मुलामा देतो. असल्या खुर्चीवर बसायचं म्हणजे आधी परवानगी काढावी असं वाटतं. म्हणून मी पलंगावरच बसून लिहितोय.

आता कामाचं. घर आजपासून तुझं. किल्ली दोनदाच फिरव, तिसऱ्यांदा फिरवलीस की अडकते. पुदिन्याच्या कुंडीला रोज पाणी घाल. आणि गाइडची माझी वाटही तुझी. बाब अल-फुतूहच्या वेशीतून आत शिरायचं आणि बाब झुवैलाच्या वेशीतून बाहेर पडायचं, शेवटी आपल्या मेणबत्तीवाल्यांच्या गल्लीत वळून पाणपोईपाशी थांबायचं. चाळीस वर्षं मी पाहुण्यांना याच वाटेनं चालवलं. पाहुणे तोवर दमलेले असतात. पाणपोईची जाळी बघतात, वर मुलांची जुनी शाळा बघतात, आणि मग आपण त्यांना वहीबाची गोष्ट सांगायची: एक विधवा बाई, तिनं पायांतले चांदीचे तोडे विकले आणि ही पाणपोई बांधली, का तर कुणाचं लेकरू तहानेलं राहू नये. इटलीतल्या ब्रेशियाहून आलेला एक कसाई इथे रडला होता, हे विसरू नकोस.

जूनमध्ये तुझी गाइडच्या परवान्याची परीक्षा फसली. का ते तू सांगितलं नाहीस, पण मी ओळखून आहे. तू कुठेतरी "माहीत नाही" म्हणाली असणार. तुझ्या आईचा स्वभाव, दुसरं काय. पोरी, गाइडला ऊन लागलं तरी चालेल, घसा बसला तरी चालेल, पण ते दोन शब्द त्याच्या तोंडून येता कामा नयेत. दोनदाच संधी मिळते आणि तुझी एक गेली. उम्म जाबिरला सलाम सांग. पाणपोईचे रांजण अजून तीच भरते ना?

तुझा मामा,
बहजत


कैरो, ४ डिसेंबर १९९४

प्रिय मामा,

किल्ली तिसऱ्यांदा फिरवली. अडकली. कुलूपवाला येऊन गेला. बाकी घर छान आहे.

पहिल्या दिवसाची गंमत सांगते. आमच्या तांताच्या बसमधून उतरून दोन पिशव्या घेऊन बाब झुवैलाखाली उभी राहिले आणि लहानपणची वाट आठवेना म्हणून मेणबत्तीवाल्यांची गल्ली कुठे ते विचारलं. पहिल्यानं डावीकडे दाखवलं, दुसऱ्यानं उजवीकडे. तिसऱ्यानं मागे, जिथून मी आले होते तिकडे. चौथा भला माणूस माझी एक पिशवी उचलून पुढे चालायला लागला. तंबूवाल्यांच्या बाजाराच्या टोकापर्यंत गेलो, वाटेत त्यानं उसाचा रस पाजला, आणि शेवटी कळलं की तो गिझाचा, मेव्हण्याकडे आलेला. "मग आधीच सांगायचं ना," मी म्हटलं. "ताई, तुम्ही इतक्या प्रेमानं विचारलंत," तो म्हणाला, "नाही कसं म्हणणार?" गल्ली वेशीपासून वीस पावलांवर होती.

इथल्या शाळेतली नोकरी सुरू झाली. शुक्रवारी सुट्टीच्या सकाळी माझ्या वर्गातल्या दहा-बारा मुलींना घेऊन तुमच्या वाटेनं सराव करते. अक्मर मशिदीपाशी त्या तासभर हलत नाहीत. बाहेरची भिंत रस्त्याला धरून सरळ आणि आतली मशीद मक्केकडे, किब्ल्याला वळलेली, मधल्या भिंतीनं जाड होत होत तो तिरकेपणा पोटात घेतलाय, हे त्यांना हाताची वीत लावून मोजायचं असतं. दोन वर्षांपूर्वीच्या भूकंपानंतरचे लाकडी टेकू अजून जागोजागी आहेत. त्यांच्याखालून वाकून जाताना मुली उगीच जास्त वाकतात.

पाणपोईपाशी उम्म जाबिर वाट बघतच असते. रांजण भरलेले, पितळी पेले लखलखीत. गोष्ट सांगायला मी तोंड उघडलं की तीच पुढे होते आणि सांगते. तुम्ही शाळांच्या सहलींना सांगायचात ती तिला शब्दन्‌शब्द पाठ आहे. शेवटी सगळ्यांना वहीबासाठी फातिहा म्हणायला लावते.

तर मामा, एक विचारायचं होतं. वहीबाची गोष्ट तुम्हाला कुठून मिळाली? कुठल्या पुस्तकात, कुठल्या कागदात? परीक्षेसाठी आधार लागेल.

तुमची सुहैर


दमिएत्ता, १८ डिसेंबर १९९४

सुहैर पोरीस,

इथे समुद्राचं वारं सुटलंय आणि लुत्फी राजवाड्यात शोभेलसं कपाट बनवतोय. ते दारातून बाहेर जाणार नाही हे मी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. काल दार काढलं.

आधार विचारतेस. माझे उस्ताद, अल्ला त्यांना सुखी ठेवो, रिझ्क एफेंदी, त्यांनी सांगितली. त्यांना त्यांच्या वडिलांनी. झालं समाधान? चाळीस वर्षांत अर्ध्या युरोपातल्या लोकांनी ती गोष्ट ऐकली, एकानंही आधार मागितला नाही. तू माझ्या बहिणीची मुलगी, तुला कागद हवा.

मुलींना वीत लावून भिंत मोजायला लावतेस हे मात्र आवडलं. मला नव्हतं सुचलं. ते माझं आहे असं मी इथे दोघांना सांगून टाकलं आहे.

बहजत


कैरो, २२ जानेवारी १९९५

प्रिय मामा,

उत्तराला उशीर झाला, कारण गेले चार शनिवार जुन्या दानपत्रांच्या दफ्तरात काढले. तिथले कारकून सुरुवातीला मला चहा देत, आता फाइली देतात. आपल्या भागातल्या पाण्यासाठी दिलेल्या बहुतेक दानांचे कागद सापडले. एकात लिहिलंय की पाणी देणारा माणूस स्वच्छ कपड्यांचा असावा, तोंडाला वास नसावा, त्यानं गरिबाला आणि सरदाराला सारखाच भरलेला पेला द्यावा आणि आलेल्यावर खेकसू नये. मी उम्म जाबिरला हे वाचून दाखवलं. ती म्हणाली, "खेकसू नये हे आपल्याला जमणार नाही."

पण आपल्या पाणपोईचं दानपत्र नाही. वहीबा नावाची बाई कुठेच नाही, ना देणाऱ्यांत, ना वारसांत, ना शेजाऱ्यांच्या हद्दींत.

रिझ्क एफेंदींच्या घरीही जाऊन आले. त्यांचा मुलगा आता सत्तरीला आलाय, वडिलांच्या सगळ्या वह्या त्यानं जपून ठेवल्यात. तो म्हणाला, "अब्बा त्या पाणपोईपाशी कधी थांबतच नसत. म्हणायचे, त्याबद्दल काही ठाऊक नाही, पुढे चला."

परीक्षेची तारीख आली. मंगळवार, १४ मार्च. परीक्षक गेल्या वेळच्याच मादाम इस्मत असतील. मामा, परत विचारते. रागावू नका.

सुहैर


दमिएत्ता, ५ फेब्रुवारी १९९५

सुहैर,

पोलिसात का नाही गेलीस? तिथेही एक फाइल निघाली असती.

रोजे सुरू आहेत, त्यात तुझं पत्र. रिझ्क एफेंदींचा मुलगा लहानपणापासून मठ्ठ होता. गोष्ट मला कॉफीच्या दुकानातल्या एका म्हाताऱ्यानं सांगितली होती, उस्तादांचं नाव मी आदरानं पुढे केलं. तो म्हातारा कधीच वारला, तेव्हा त्याच्या घरी जाण्याचे कष्ट घेऊ नकोस.

आणि तू ज्या अक्मर मशिदीचं कौतुक करतेस तिच्याकडेच बघ. बांधणाऱ्यानं काय केलं? आतलं आत ठेवलं आणि रस्त्याला शोभेल अशी भिंत पुढे केली. त्याला कुणी खोटारडा म्हणत नाही. मी पाहुण्यांना एक चांगली भिंत दिली, एवढंच.

जूनमध्ये तू त्या मादामपुढे "माहीत नाही" म्हणाली नसतीस तर आज तुझ्या गळ्यात परवाना असता आणि मला हे प्रश्न आले नसते.

बहजत


कैरो, २४ फेब्रुवारी १९९५

मामा,

मला सांगायचं नव्हतं, पण आता सांगते.

जूनमध्ये मी "माहीत नाही" म्हटलं नव्हतं. तोंडी परीक्षेच्या खोलीत मी वहीबाची गोष्ट सांगितली. तुमच्यासारखी, तोड्यांच्या आवाजासकट. बरोबरचे उमेदवार डोळे पुसत होते. मादाम इस्मतनी वही मिटली आणि विचारलं, "आधार काय?" मी म्हटलं, "माझे मामा." त्या म्हणाल्या, "मामा हा आधार होत नाही, मुली." मी त्यामुळे नापास झाले. तुम्हाला वाईट वाटेल म्हणून लपवलं, आणि तुम्ही प्रत्येक पत्रात मलाच शिकवत राहिलात.

आता बोलावण्याचा कागद आलाय. शेवटचा थांबा त्यांनीच ठरवलाय: मेणबत्तीवाल्यांच्या गल्लीतली पाणपोई. गेल्या वेळी खोलीत ज्या गोष्टीवर अडले, तिच्याच समोर.

अक्मरच्या भिंतीचं म्हणाल, तर दारात उभं राहिलं की तिची जाडी दिसते. तिनं काही लपवलेलं नाही. म्हणूनच मुलींना मोजता येते. तुम्ही मला आधी उस्ताद सांगितलेत, मग कॉफीवाला म्हातारा. मी कुठे वीत लावू?

इथे रोज संध्याकाळी रोजा सोडायची तोफ झाली की उम्म जाबिर येणाऱ्या-जाणाऱ्याला चिंचेचं सरबत देते. हमाल, शिपाई, तंबू शिवणारे, सगळे पेला तोंडाला लावायच्या आधी म्हणतात, "वहीबावर अल्लाची कृपा असो." काल मीही म्हटलं आणि पेला तसाच शेजारच्या हमालाच्या हातात दिला. गोष्ट सांगितली तर परवाना गेला, कायमचा. सांगितली नाही तर या माणसांना काय तोंड दाखवू? माझ्याजवळ तीन आठवडेसुद्धा उरलेले नाहीत.

तुमची ईद चांगली जावो.

सुहैर


दमिएत्ता, ५ मार्च १९९५

माझ्या सुहैरला,

ईद झाली. रावयानं केलेल्या साखर भुरभुरलेल्या बिस्किटांतलं मी एक खाल्लं आणि बाकीची तशीच ठेवली. तिला वाटलं दातांचं काही झालं.

तुझं पत्र चार दिवस उशाखाली होतं. मी मूर्ख म्हातारा आहे. माझ्यामुळे तू नापास झालीस आणि मीच तुला बोलत राहिलो. आता सरळ लिहितो, खाडाखोड झाली तर झाली.

मी आठ वर्षांचा होतो. त्या पाणपोईच्या वर तेव्हा अजून शाळा भरायची. आपल्या गल्लीत मुलाच्या आईचं नाव दुसऱ्या मुलाला कळलं तर काय होतं ते तुला माहीत आहे, निदान ऐकून असशील. आमच्यातल्या एकाच्या आईचं नाव असंच कळलं, तर पोरं महिनाभर त्याच्यामागे ते नाव ओरडत फिरली. त्यानं शाळाच सोडली. आई म्हणजे उम्म अमका, उम्म तमका. बायकाही एकमेकींना पोराच्याच नावानं हाका मारायच्या. माझी आई सगळ्यांची उम्म बहजत. तुझी आई तिला नीना, म्हणजे आई, एवढंच म्हणायची आणि तू पोटात यायच्या आधीच ती गेली, तेव्हा तिचं खरं नाव तुझ्याही कानावर आलं नसेल.

एके दिवशी देवीची लस टोचायला सरकारी माणूस आला. टाय बांधलेला, हातात मोठं रजिस्टर. प्रत्येक मुलाला उभं करून बापाचं नाव विचारायचा, मग आईचं. पोरं कान टवकारून बसलेली. माझी पाळी आली. त्यानं विचारलं, "आईचं नाव?" मी म्हटलं, "माहीत नाही." सगळा वर्ग हसला. तेवढ्यात मी जिन्याकडे बघितलं तर आई माझी विसरलेली भाकरी घेऊन उभी होती. तिनं ऐकलं होतं. तिनं भाकरी पायरीवर ठेवली आणि ती खाली निघून गेली. पायातले तोडे वाजत गेले. त्या दिवशी घरी आम्ही दोघंही त्याबद्दल बोललो नाही, पुढेही कधी नाही. मी माझ्या आईला भर वर्गात नाकारलं, सुहैर.

मी अठरा वर्षांचा झालो तेव्हा मला फ्रेंच शिकायचं होतं. मास्तर ठेवण्याची ऐपत नव्हती. एका सकाळी आईच्या पायात तोडे नव्हते आणि दुपारी मास्तर दारात उभे होते. पाहुण्यांशी मी जे काही बोललो, ते सगळं त्या तोड्यांवर.

चोपन्न साली मला पहिला गट मिळाला. आईला जाऊन वर्षही झालं नव्हतं. रिझ्क एफेंदी मागे उभे राहून माझी परीक्षा घेत होते. पाणपोईपाशी एका म्हाताऱ्या फ्रेंच बाईनं छत्रीच्या टोकानं जाळी दाखवून विचारलं, "ही कुणी बांधली?" मला ठाऊक नव्हतं. "माहीत नाही" हे शब्द अगदी जिभेवर आले. पण समोर तोच जिना होता, सुहैर, तीच पायरी. तिथे उभं राहून मला ते दुसऱ्यांदा म्हणवेना. तोंडातून निघालं, "वहीबा नावाच्या एका बाईनं." मग तोडे आपोआप आले.

वहीबा हे माझ्या आईचं नाव.

त्यानंतर चाळीस वर्षं मी तिचं नाव त्याच गल्लीत घेतलं. फ्रेंचमध्ये, इंग्रजीत, पुढे अरबीतसुद्धा, मोठ्यानं. कुणाला कळलं नाही कोणाची आई ती. मला वाटायचं, फेडतोय.

तू आता पाणपोईपाशी "माहीत नाही" म्हण. तेच खरं आहे आणि तुझा परवाना त्यावर आहे. पण बाकीचं सांगू नकोस. ती कोण होती हे त्या गल्लीला कळू देऊ नकोस. एवढं माझ्यासाठी कर.

बहजत


कैरो, ९ मार्च १९९५

माझ्या मामा,

तुमचं पत्र शाळेच्या जिन्यात वाचलं आणि पुढचा तास घेतला नाही. मुलींना नकाशे रंगवायला दिले.

माझ्या आजीचं नाव मला सत्ताविसाव्या वर्षी कळलं. मी दिवसभर मनातल्या मनात ते म्हणतेय. तुम्ही आठ वर्षांचे होता, मामा. मला तुमचा राग आलेला नाही. आला होता, तो गेला.

तुमचा शब्द पाळीन. फक्त "माहीत नाही" म्हणेन आणि गप्प राहीन. उम्म जाबिर मला काय म्हणेल ते म्हणो. पत्र पर्समध्ये ठेवलंय, जवळ असलं की बरं वाटतं.

तुमची सुहैर


तार
दमिएत्ता, १३ मार्च १९९५

नाव सांग. कुणाची आई तेही सांग. मोठ्यानं सांग. मामा.


कैरो, १५ मार्च १९९५

माझ्या लाडक्या मामा,

पास. हे आधी लिहिते, नाहीतर तुम्ही बाकीचं धड वाचणार नाही.

तार काल सकाळी आठला आली, मी बूट घालत होते. तारवाला म्हणाला, "ताई, घरी सगळं ठीक ना?" मी म्हटलं, "आजीची तार आहे." तो बिचारा जरा जास्तच हळू जिना उतरला.

मादाम इस्मत सपाट चपला घालून आणि छत्री घेऊन आल्या होत्या. आम्ही पाच उमेदवार. वाटेत प्रत्येकाला पाळीपाळीनं बोलायचं होतं. अक्मरपाशी माझी पाळी आली. मी सगळ्यांना दारात उभं केलं आणि भिंतीची जाडी वितीनं मोजायला लावली. मादामनीही मोजली. सुलतान कलाऊनच्या कबरीच्या घुमटाखाली एकजण तारखा विसरला आणि त्यानं तीन वेगवेगळे सुलतान ठोकून दिले. मादाम फक्त लिहीत राहिल्या. मला तुमची आठवण आली.

गल्लीत पोचलो तेव्हा ऊन चढलं होतं. उम्म जाबिरनं आजच्यासाठी खास पेले घासले होते. शेजारचा इस्त्रीवाला, समोरचे तंबू शिवणारे दोघं, सगळे दारात येऊन उभे. त्यांना वाटत होतं, आपली सुहैर आज वहीबाची गोष्ट सांगून परवाना घेऊन जाणार. मादामनी छत्री मिटली आणि म्हणाल्या, "ही कुणी बांधली?"

मी म्हटलं, "मला माहीत नाही."

बरोबरचा एक उमेदवार खोकला. मी सांगितलं की जाळीच्या घडणीवरून आणि फरशांवरून ती दोन-अडीचशे वर्षांची असावी, दानपत्र दफ्तरात सापडत नाही, कुठे कुठे शोधलं तेही सांगितलं.

"काय माहीत नाही?" उम्म जाबिर पेला घेऊन पुढे आली. "अख्ख्या कैरोला माहीत आहे. वहीबानं बांधली. कालपर्यंत तुलाही माहीत होतं. रात्रीतून काय झालं तुला?"

इस्त्रीवाला म्हणाला, "परीक्षेला घाबरली असेल पोरगी. पाणी द्या तिला."

मग मी मोठ्यानं बोलले. म्हटलं, "वहीबा होती. पण तिनं ही पाणपोई बांधली नाही. ती याच गल्लीत राहायची. तोडे तिनं खरंच विकले, मुलाला फ्रेंच शिकवायला. तो मुलगा पुढे गाइड झाला आणि पहिल्याच दिवशी त्याला इथे उत्तर आलं नाही, तेव्हा त्यानं आपल्या आईचं नाव सांगितलं. तो मुलगा म्हणजे माझे मामा, उस्ताद बहजत. वहीबा माझी आजी. तुम्ही तिला उम्म बहजत म्हणायचात."

मामा, मला वाटलं आता उम्म जाबिर तो पेला माझ्यावर फेकते. तिनं तो रांजणावर ठेवला आणि ती पायरीवर बसली, शाळेच्या जिन्याच्या पहिल्या पायरीवर.

"उम्म बहजत," ती म्हणाली. "म्हणजे इतकी वर्षं मी परक्या बेगमेसाठी फातिहा म्हणत होते, ती आपली उम्म बहजत निघाली?" मग म्हणाली, "मी नवी नवरी म्हणून आले तेव्हा तिच्या घोट्यांवर पांढरे वळ होते, तोडे काढल्याचे. मी विचारलं तर म्हणाली, जड व्हायला लागले होते गं."

आता पुढचं सावकाश वाचा, मामा. मी शब्द बदललेला नाही.

उम्म जाबिर म्हणाली, "पण तिनं मला नाव कधी सांगितलं नाही हो. मी विचारायची तर हसायची. म्हणायची, माझा बहजत आठ वर्षांचा होता तेव्हा सरकारी माणसानं भर वर्गात त्याला माझं नाव विचारलं. सगळी पोरं टपून बसलेली. माझ्या लेकानं सांगितलं नाही. एवढासा जीव, पण आईचं नाव जपलं त्यानं. मी जिन्यात होते, मला रडू येईल म्हणून भाकरी ठेवून पळाले. मग म्हणायची, त्यानं जे जपलं ते मी कशी सांगू? ही गोष्ट तिनं मला किती वेळा सांगितली असेल. दर वेळी पदर डोळ्यांना लावायची."

मामा, तिला तुमचा अभिमान वाटत होता. साठ वर्षं तुम्ही ते उलटं वाचलंत.

मादाम इस्मत पुढे आल्या. त्यांनी विचारलं, "आधार काय?" मी पर्समधून तुमचं पत्र काढून दिलं. नंतर वाटलं, विचारायला हवं होतं तुम्हाला. त्यांनी चष्मा लावून उभ्या उभ्या सगळं वाचलं, खाडाखोडीसकट. घडी घालून परत दिलं. मग उम्म जाबिरकडून एक पेला पाणी मागून घेतलं, प्यायल्या, आणि म्हणाल्या, "गेल्या वेळी तुम्ही मामा आणलात. या वेळी कागद आणलात." आणि वहीत सही केली. परवाना पंधरा दिवसांत येईल.

सगळे पांगल्यावर तंबू शिवणाऱ्यांपैकी एकजण जवळ आला आणि हळूच म्हणाला, "ताई, माझ्या आईचं नाव सेनिय्या. कुणाला सांगू नका." मी म्हटलं, नाही सांगत. तुम्हाला लिहिलं ते सोडून द्या.

तुमची सुहैर


दमिएत्ता, २८ मार्च १९९५

माझ्या सुहैरला, परवानाधारक गाइडबाईंना,

तुझं पत्र मी आधी एकट्यानं वाचलं. मग रावयाला वाचून दाखवलं, मग लुत्फीला. लुत्फीनं दिवसभर यंत्र बंद ठेवलं. रावया म्हणाली, "अब्बा, माझ्या आजीचं नाव तुम्ही फ्रेंचांना सांगितलंत आणि मला नाही?" मी तिला म्हटलं, "माझं चुकलं." हे शब्दही मी फारसे वापरलेले नव्हते.

आई पळाली ती रडू येईल म्हणून. आठ वर्षांच्या मुलाला तोडे वाजत गेलेले तेवढे ऐकू आले. मी ते वाक्य रोज सकाळी वाचतो आणि मग चहा घेतो. उम्म जाबिरशी मी चाळीस वर्षं रोज बोललो असेन, पण कधी आईचा विषय काढला नाही. काढला असता तर.

तू गप्प राहीन असं लिहिलंस तेव्हा वाटलं, आईला त्याच पायरीवर आता तुझ्याकडूनही नाकारून घेतोय, म्हणून तार केली. मादामनी पत्र वाचलं ते बरं झालं. माझ्यातला गाइड म्हणतो, अक्षर जरा चांगलं काढायला हवं होतं.

काल एक गंमत झाली. बंधाऱ्यावर फिरत होतो, एका माणसानं विचारलं, पोर्ट सैदची बस कुठून सुटते. हात आपोआप वर झाला, पुलाकडे बोट गेलंसुद्धा. मग खाली घेतला आणि म्हटलं, "माहीत नाही." तो माणूस बघतच राहिला. म्हणाला, "हाजी, तुम्ही इजिप्तचे नाही का?" मी म्हटलं, इजिप्तचाच, नवीन शिकतोय. त्यानं मग दुसऱ्याला विचारलं. त्या दुसऱ्यानं लगेच पुलाकडे बोट केलं. बस कुठून सुटते ते मला अजून कळलेलं नाही.

गुडघ्यांना डॉक्टरांनी पट्टे दिलेत. लुत्फीनं काठी केलीय, तिलाही सिंहाचा पाय आहे, मी काही बोललो नाही. एप्रिलच्या पहिल्या शुक्रवारी तुझ्या गटात माझं नाव घाल. मामा म्हणून नको, पाहुणा म्हणून. मी सगळ्यांच्या मागून चालीन, मध्ये तोंड घालणार नाही, आणि अक्मरपाशी माझीही वीत लावीन. उम्म जाबिरसाठी इथली मशब्बक मिठाई आणतोय. तिला सांग, पाकात निथळणारी आहे, पेले नंतर घास.

पाणपोईपाशी पोचलो की सगळ्यांसमोर मला विचार, ही कुणी बांधली. मी म्हणेन, माहीत नाही. मग जिन्याच्या त्या पायरीपाशी मला उभं कर आणि माझ्या आईचं नाव विचार.

बहजत, वहीबाचा मुलगा